कामगार कामावर केव्हा असतो?

चाकणच्या रात्रपाळीला निघालेला कामगार वाटेत ट्रकखाली आला, तर तो कामावरचा की नुसता वाटसरू? १९२३ च्या भरपाई कायद्याने कामाच्या ओघातली दुखापत मानली. न्यायालयांनी तो ओघ बहुधा फाटकाशीच अडविला. २०१० साली राज्य विमा कायद्यात येण्याजाण्याची वाट आली. पण विम्याबाहेरच्यांचे काय? तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात साखर कारखान्याचा पहारेकरी २००३ मध्ये पहाटे तीनच्या पाळीला निघाला आणि कारखान्याच्या पाच किलोमीटर अलीकडे अपघातात गेला. मागे पत्नी, चार मुले, आई. २००९ मध्ये ३,२६,१४० रुपये मंजूर झाले. २०११ मध्ये उच्च न्यायालयाने तो निकाल फिरविला, २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा उभा केला. बावीस वर्षे! वेळ, स्थळ व नोकरी यांचा दुवा मात्र दाखवावाच लागतो. आम्ही युनियनवाले विचारतो, कंत्राटी मजुराच्या हाती पाळीचा कागद असतो कोठे?