'रामशास्त्री'चा दिग्दर्शक कोण?

दिवाळीत घरी, हिवरखेडला, टीव्हीवर 'गाइड' लागला होता. राजूला स्वामी समजणारा भोला पडद्यावर आला, तसे काका म्हणाले, "हा गजानन जागीरदार. आपल्या अमरावतीचा हाय नं बावा." मी मान डोलावली आणि मोबाइलवर शोधत बसलो.

मी रसायनशास्त्राचा माणूस. काहीही दिसलं की आधी तक्ता करतो. तुम्हीही तेच कराल, म्हणून तो तक्ता कुठे अडला ते सांगतो.

सुरुवात सोपी होती. जन्म १९०७, अमरावती. १९३४ मध्ये 'सिंहासन'चं दिग्दर्शन. १९४१ मध्ये 'प्रभात'च्या 'शेजारी'त अभिनय आणि त्याच वर्षी अत्र्यांच्या संस्थेसाठी 'पायाची दासी'चं दिग्दर्शन. पुढच्या वर्षी 'वसंतसेना'. म्हणजे एकाच काळात हा माणूस दुसऱ्याच्या सिनेमात नट आणि स्वतःच्या सिनेमात दिग्दर्शक! 'शेजारी'वर जरा थांबा. गावातले दोन म्हातारे मित्र, एक हिंदू, एक मुसलमान. धरणाच्या भांडणात दुरावतात आणि शेवटी त्या धरणावरच एकत्र मरतात. शांतारामबापूंनी जागीरदारांना मिर्झा दिला. हिंदी 'पडोसी'त तर हिंदू ठाकूर मझहर खान यांनी केला आणि मुसलमान मिर्झा पुन्हा जागीरदारांनीच. १९४१ साली ही निवड सहज झालेली नसणार, असं मला वाटतं.

तक्ता अडला तो १९४४ च्या 'रामशास्त्री'पाशी. नारायणराव पेशव्यांच्या खुनाबद्दल राघोबादादांना दोषी ठरवणाऱ्या रामशास्त्री प्रभुण्यांची ही गोष्ट. शांतारामबापू तेव्हा 'प्रभात' सोडून गेले होते. दिग्दर्शक म्हणून कुठे एकट्या जागीरदारांचं नाव सापडतं, तर कुठे तीन: राजा नेने, विश्राम बेडेकर, जागीरदार. सिनेमा एका हातातून दुसऱ्या हातात जात शेवटी जागीरदारांकडे आला आणि त्यांनी तो पूर्ण केला. शिवाय रामशास्त्रीही तेच झाले. ज्या सिनेमाचा विषयच न्याय, त्याच्या श्रेयाचा न्याय कसा करायचा?

माझा रकाना एकच होता, 'दिग्दर्शक'. तिन्ही नावं कोंबली तर प्रत्येकाचं काम सारखं दिसतं. एकच लिहिलं तर दोघं पुसले जातात. खरं सांगतो, इथे मला माझा पहिला शोधनिबंध आठवला. त्यातली निम्मी मोजमापं एका ज्युनिअर मुलीने घेतली होती. लेखकांची यादी मी केली आणि तिचं नाव फक्त आभारात टाकलं. "सुरू केलं तिने, पूर्ण केलं मी," असं तेव्हा स्वतःला समजावलं होतं. नंतर तिने त्याबद्दल एक शब्दही काढला नाही, ते जास्त लागलं.

असो. पुढचं भराभर सांगतो. १९६० मध्ये 'उमाजी नाईक', १९६१ मध्ये जयश्री गडकर यांना घेऊन 'वैजयंता'. एक इंग्रजांविरुद्ध उठलेला रामोशी, दुसरी तमाशातली बाई. पेशव्यांच्या न्यायाधीशापासून हा माणूस किती लांब आला बघा. त्याच सुमाराला पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूट निघाली आणि तिचे पहिले प्राचार्य जागीरदार. जागा कुठली? 'प्रभात'चा जुना स्टुडिओ. जिथे 'रामशास्त्री' पूर्ण केला, तिथेच आता मुलांना शिकवायचं होतं. ही नोंद माझ्या 'चित्रपट' या रकान्यात बसेना, म्हणून आधी मी ती गाळली होती. तुमच्याही तक्त्यातून असंच काही गळत असेल, एकदा बघा.

१९८७ मध्ये, ऐंशीव्या वर्षी, त्यांनी दूरदर्शनसाठी 'स्वामी' मालिका केली. रवींद्र मंकणी माधवराव, मृणाल देव रमाबाई. रामशास्त्री याच माधवरावांच्या दरबारातले! त्रेचाळीस वर्षांनी दिग्दर्शक पुन्हा त्याच शनिवारवाड्यात. पुढच्याच वर्षी ते गेले.

आता माझ्या तक्त्यात 'दिग्दर्शक' हा रकाना नाही. 'सुरू कुणी केलं', 'पूर्ण कुणी केलं' आणि 'पडद्यावर कोण', असे तीन आहेत. पुढचा निबंध लिहायला घेतलाय. त्या मुलीला काल फोन केला, लेखकांची यादी या वेळी दोघांनी मिळून करायची ठरलीय.