शुक्रवारचा मासा आणि कोंड्याचे आवरण

प्रायश्चित्तकाळातील एका शुक्रवारी क्रूसाच्या वाटेची भक्ती आटोपून आम्ही धर्मग्रामातील एका घरी भोजनास गेलो होतो. यजमानांनी नियम कसोशीने पाळला होता. पानात मांसाचा कणही नव्हता. होती ती रव्यात घोळवून खरपूस तळलेली सुरमई, कोलंबीचे कालवण आणि तळलेले बोंबील! यजमान स्वतः मधुमेहाचे रुग्ण. त्यांच्या पानात मात्र ज्वारी-नाचणीच्या भरडीत घोळवून ओव्हनमध्ये भाजलेला एकच बांगडा होता. ते हसत म्हणाले, "फादर, आज खरा उपवास माझा आहे, तुमचा नाही." आम्हीही हसलो; परंतु घरी परतताना ते वाक्य आमच्या सोबतीला आले. त्या साध्या बांगड्यामागे केवढा इतिहास आहे, याचा शोध घेण्याची बुद्धी आम्हांस त्या रात्री झाली.

आरंभ पवित्र शास्त्रापासूनच करावा लागतो. पाच भाकरी आणि दोन मासळ्यांची कथा चारही शुभवर्तमानांत आहे. पण त्या भाकरी जवाच्या होत्या, हे एकटा योहान सांगतो. त्या काळी गहू हे सधनांचे धान्य आणि जव हे गरिबांचे. त्याच योहानाच्या शेवटच्या अध्यायात सरोवराच्या काठी निखाऱ्यांवर मासळी ठेवलेली दिसते आणि शेजारी भाकर. भरड धान्य आणि विस्तवावर भाजलेला मासा हे मुळात कष्टकऱ्यांचे जेवण होते.

पुढे ख्रिस्तसभेने शुक्रवारी मांस वर्ज्य केले. मासळीला मात्र त्या निर्बंधात धरले नाही. मग मानवी जिव्हेने आपली वाट शोधली. सोळाव्या शतकात पोर्तुगीज जपानला पोहोचले आणि पिठात बुडवून तळण्याची त्यांची रीत तेथे रुजली. तिचे 'टेंपुरा' हे नाव वर्षातून चार वेळा येणाऱ्या उपवासदिनांच्या लॅटिन नावावरून आले, असे अनेक अभ्यासक मानतात. इबेरियातून परागंदा झालेल्या यहुदी कुटुंबांनी तळलेली मासळी इंग्लंडात नेली. शब्बाथाला चूल पेटवायची नाही, म्हणून ती शुक्रवारीच तळून ठेवीत आणि दुसऱ्या दिवशी थंड खात. अशा रीतीने दोन धर्मांच्या व्रतांतून तळलेली मासळी चविष्ट होत गेली आणि व्रताचा दिवस जिभेच्या सणाचा दिवस झाला.

आता आवरणाकडे वळू. धान्याचा कोंडा चाळून टाकावा की ठेवावा, हा वाद अमेरिकेत एका पाळकानेच पेटविला. प्रेस्बिटेरियन पंथाचे सिल्व्हेस्टर ग्रॅहॅम यांनी १८३७ मध्ये पावावर एक ग्रंथ लिहून कोंड्यासह दळलेल्या गव्हाचा कैवार घेतला. त्यांचे अनेक विचार आज टिकत नाहीत; हा मात्र टिकला. तथापि एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पोलादी रुळांच्या गिरण्या आल्या, पांढरे पीठ स्वस्त झाले आणि कोंडा जनावरांच्या दावणीत गेला.

तो माणसाच्या ताटात परतण्यास महायुद्ध कारणीभूत झाले. १९१७ मध्ये अमेरिका युद्धात उतरली. हर्बर्ट हूवर यांच्या अन्नप्रशासनाने सैन्यासाठी व मित्रराष्ट्रांसाठी गहू आणि मांस वाचवा, असे आवाहन गृहिणींना केले. गव्हाऐवजी मका, ओट, जव, मांसाऐवजी मासे. म्हणजे शासनानेच राष्ट्रावर एक प्रकारचा प्रायश्चित्तकाळ घातला म्हणा ना! याच काळात अमेरिकेच्या मत्स्यव्यवसाय विभागातील एव्हलीन स्पेन्सर मासळी रांधण्याची प्रात्यक्षिके देत होत्या. जॉन कॉब यांच्यासह त्यांनी लिहिलेले मत्स्यपाककलेचे पुस्तक १९२१ मध्ये प्रसिद्ध झाले.

स्पेन्सरबाईंची रीत अशी: मासळीचे तुकडे खारवलेल्या दुधात बुडवायचे, पावाच्या कोरड्या चुऱ्यात घोळवायचे, वर तेलाचे थोडे थेंब शिंपडायचे आणि सुमारे ५०० अंश फॅरनहाइट, म्हणजे २६० अंश सेल्सिअस तापलेल्या ओव्हनमध्ये दहा मिनिटांच्या आसपास ठेवायचे. यामागचे तत्त्व सोपे आहे. मासळीचे मांस कोवळे असल्याने थोड्या उष्णतेतही शिजते; जास्त वेळ ठेवल्यास कोरडे पडते. म्हणून आच तीव्र आणि वेळ अल्प. आवरण झळ सोसते व खरपूस होते, आतला ओलावा आत राहतो. तळण्याची चव तेलाच्या कढईविना साधते.

युद्धानंतर मात्र सोय जिंकली. १९५३ मध्ये अमेरिकेत आणि १९५५ मध्ये ब्रिटनमध्ये मैद्याच्या चुऱ्यात गुंडाळलेल्या गोठविलेल्या मासळीच्या कांड्या बाजारात आल्या. १९६२ मध्ये सिनसिनाटी येथील लू ग्रोएन या मॅकडोनाल्डच्या दुकानदाराने तळलेल्या मासळीचा पाव विकावयास काढला. कारण त्याच्या परिसरातील कॅथॉलिक गिऱ्हाईक शुक्रवारी दुकानाकडे फिरकत नसे. १९६६ मध्ये पोप सहावे पॉल यांनी प्रायश्चित्ताचे नियम नव्याने मांडले आणि अन्य मार्गांनाही वाव दिला. त्यानंतर न्यू इंग्लंडात मासळीचे भाव उतरले, हे फ्रेडरिक बेल या अर्थशास्त्रज्ञाने १९६८ मध्ये दाखवून दिले. भाव उतरले, मात्र अंतःकरणे किती पालटली, हे मोजणारे शास्त्र अद्याप निघालेले नाही.

कोंड्याची बाजू पुढे वैद्यकाने घेतली. युगांडात दीर्घकाळ सेवा केलेले शल्यविशारद डेनिस बर्किट यांनी १९७० च्या दशकात अन्नातील तंतूंचे महत्त्व जगापुढे मांडले. त्याच दशकात बँग व डायरबर्ग या डॅनिश संशोधकांनी ग्रीनलंडवासीयांच्या आहाराचा अभ्यास करून मासळीतील मेदाकडे लक्ष वेधले. पुढील संशोधनाने त्यांच्या निष्कर्षांना मर्यादा घातल्या. तरी तळलेल्यापेक्षा भाजलेली मासळी आणि मैद्यापेक्षा अख्खे धान्य बरे, हा सल्ला आज कोणताही डॉक्टर देईल.

आपल्याकडे ही सामग्री परकी नाही. गोव्याच्या पोईवर कोंडा असतोच. घरी ओव्हन नव्हते तेव्हाही खाली-वर निखारे ठेवून बेबिंका भाजणाऱ्या सुगरणी होत्या. संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे भरडधान्यांचे वर्ष म्हणून पाळले. आपल्या आजीला त्यासाठी ठरावाची गरज नव्हती. शिळ्या पोईचा चुरा किंवा ज्वारी-नाचणीची जाडसर भरड आधी कोरडी भाजून घ्यावी, म्हणजे कोंडा ओलसर राहत नाही. हळद, मीठ, आले-लसूण, कोकमाचे आगळ लावलेला बांगडा तीत घोळवून कडक तापलेल्या ओव्हनमध्ये भाजावा.

पण आमचा मुद्दा पाककृतीपुरता नाही. जे जेवण गरिबाला नाइलाजाने मिळाले, युद्धात सक्तीने आले आणि आज रुग्णाला डॉक्टरांच्या धाकाने खावे लागते, ते आपण एखाद्या शुक्रवारी स्वेच्छेने का स्वीकारू नये? सुरमई आणि बांगडा यांच्या किमतीत जे अंतर आहे, तेवढे पैसे दानपेटीत टाकले, तर नियमाचे अक्षर आणि आत्मा यांची गाठ पडेल.

पुढच्या शुक्रवारी त्याच यजमानांचे पुन्हा आमंत्रण आले. आम्ही निरोप धाडला, "येतो; मात्र तुमच्या पानात असेल तेच आमच्याही पानात वाढावे." त्या रात्री आम्ही दोघांनी एकच व्रत पाळले.