जुन्या फुटेजमधली माणसं तुरुतुरु का चालतात?

शंभर वर्षांपूर्वीच्या एखाद्या शहराची क्लिप फोनवर आली की एक गोष्ट हमखास दिसते. माणसं तुरुतुरु चालतात आणि घोडागाड्या शर्यतीत असल्यासारख्या पळतात. त्या काळी लोक काही एवढ्या घाईत नव्हते. भानगड आहे वेगाची.

मूकपटांच्या जमान्यात कॅमेरा हाताने दांडा फिरवून चालवायचे. सेकंदाला साधारण १६ ते १८ फ्रेम, त्याही कॅमेरामनच्या मनगटाच्या भरवशावर. बोलपट आले आणि सेकंदाला २४ फ्रेम हे प्रमाण ठरलं. १६ ने टिपलेली फिल्म २४ ने चालवली की सगळं दीडपट वेगाने पळतं.

दिग्दर्शक पीटर जॅक्सन यांच्यापुढेही हीच अडचण होती. 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड' (२०१८) या माहितीपटासाठी त्यांना ब्रिटनच्या इम्पीरियल वॉर म्युझियमकडचं पहिल्या महायुद्धाचं सुमारे १०० तासांचं फुटेज मिळालं. त्यांच्या टीमने कॉम्प्युटरवर मधल्या फ्रेम नव्याने तयार करून वेग सुधारला, रंग भरले. सैनिक काय बोलतायत हे ओठांवरून ओळखणारे तज्ज्ञ बोलावले आणि ते शब्द कलाकारांकडून वदवून घेतले. परिणाम थक्क करणारा आहे. पण ते रंग, ते आवाज आणि त्या मधल्या फ्रेम मूळ फिल्मवर कधीच नव्हत्या. जॅक्सन यांनी ही प्रक्रिया जाहीरपणे सांगितली. व्हॉट्सॲपवर फिरणारी रंगीत क्लिप मात्र काहीच सांगत नाही.

बरं, मूळ फिल्म तरी खरी असतेच असं नाही. 'द बॅटल ऑफ द सोम' (१९१६) मधलं सैनिक खंदकातून बाहेर पडतानाचं प्रसिद्ध दृश्य रणभूमीवरचं नाही, ते मागे वेगळं घडवून घेतलेलं आहे. आजही ते खरी लढाई म्हणून वापरलं जातं.

आपल्याकडचं दुखणं वेगळं. इथे मुळात फुटेजच उरलेलं नाही. सावेदादा म्हणजे ह. स. भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली होती. ती फिल्म आज नाही. फाळक्यांच्या चार रिळांच्या 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) ची पहिली आणि शेवटची रिळंच पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या हाती लागली. जुनी नायट्रेट फिल्म आपोआप सडते आणि भडकन पेटते. २००३ मध्ये पुण्यातच लागलेल्या आगीत या संग्रहालयाचा मोठा नायट्रेट साठा खाक झाला.

आणि कॉपीराइट? भारतात तो चित्रपट प्रकाशित झाल्यानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं टिकतो. म्हणजे १९६० चा चित्रपट २०२१ पासून सगळ्यांसाठी मोकळा. मात्र कॉपीराइट संपला तरी चांगली प्रत ज्याच्याकडे आहे, त्याच्याकडून ती मिळवावीच लागते, आणि बऱ्याचदा त्यासाठी पैसे मोजावे लागतात.