बत्तीस गिरक्या आणि एक घर

बॅलेतलं मला ओ की ठो कळत नाही, हे आधीच सांगून टाकतो. मी या बाईपर्यंत पोचलो तो लेनिनमुळे. एप्रिल १९१७ मध्ये लेनिन पेट्रोग्राडला परतला आणि एका झोकदार बंगल्याच्या गच्चीतून त्यानं भाषण ठोकलं. बोल्शेविकांचं मुख्यालयच होतं ते. पण बंगला कोणाचा? तर मातिल्दा क्षेसिन्स्काया नावाच्या नर्तकीचा. आता आली का पंचाईत!

मातिल्दाचा जन्म १८७२ चा. घराणं मूळचं पोलिश आणि अख्खं नाचणारं. वडील फेलिक्स वॉर्सोहून पीटर्सबर्गला आले ते माझुर्का या पोलिश नाचातले उस्ताद म्हणून. आईसुद्धा नर्तकी. बहीण ज्युलिया, भाऊ जोसेफ हेही शाही बॅलेत. आपल्याकडे गवयाच्या घरात पोरगं तानपुऱ्याशेजारी वाढतं, तसाच प्रकार.

१८९० साली ती शाही नृत्यशाळेतून उत्तीर्ण झाली. त्या रात्रीच्या जेवणाला स्वतः झार अलेक्झांडर तिसरा हजर होता. त्यानं तिला जवळ बसवलं आणि पलीकडे युवराज निकोलसला. पुढे त्या दोघांचं प्रकरण जमलं आणि १८९४ मध्ये निकोलसचा साखरपुडा झाल्यावर संपलं. बहुतेक पुस्तकांत मातिल्दा एवढ्यापुरतीच भेटते. झारची प्रेयसी. बस्स.

माझी तक्रार इथेच आहे. त्या काळात पिएरिना लेन्यानी ही इटालियन नर्तकी एका पायाच्या चवड्यावर, दुसऱ्या पायाचे फटके मारत, लागोपाठ ३२ गिरक्या घ्यायची. पीटर्सबर्ग थक्क! रशियन मुलींना ते जमेना. मातिल्दानं तेच हस्तगत केलं आणि असं करणारी ती पहिली रशियन ठरली. त्यातली युक्ती मोठी सुंदर आहे. नजर समोरच्या एका बिंदूवर रोखायची. अंग फिरू लागलं तरी मान शेवटपर्यंत मागे ठेवायची, मग झटक्यात वळवून अंगाच्या आधी त्याच बिंदूवर आणायची. म्हणजे चक्कर येत नाही आणि दिशाही चुकत नाही. दुसऱ्याचं यंत्र उघडून बघणाऱ्या आम्हा लोकांना याची किंमत कळावी!

बाई साधी नव्हती हेही खरं. दोन ग्रँड ड्यूक पाठीशी, हिरे-माणकं अंगावर. १९०१ मध्ये पोशाखातला घेर घालायला तिनं नकार दिला म्हणून नाट्यगृहांचे संचालक प्रिन्स वोल्कोन्स्की यांनी तिला दंड केला. झारनं तो रद्द करायला लावला आणि राजीनामा दिला संचालकांनी! अशी वशिलेबाजी आपल्या ओळखीची आहे, नाही का? तिच्यापायी किती गुणी मुली मागे राहिल्या असतील, हा प्रश्न मला छळतो. कष्ट खरे आणि वशिलाही खरा. एकानं दुसरं पुसलं जात नाही.

१९१७ च्या फेब्रुवारी क्रांतीत ती मुलाला घेऊन बंगल्यातून पळाली. मग हिनं काय करावं? घर परत मिळावं म्हणून कोर्टात गेली! निकालही तिच्या बाजूनं लागला. पण बोल्शेविक हलले ते जुलैत, सरकारी फौज आल्यावर. घर तिला मिळालं नाहीच. १९२० मध्ये तिनं रशिया कायमचा सोडला आणि १९२१ मध्ये फ्रान्समध्ये ग्रँड ड्यूक आंद्रेईशी लग्न केलं. भाऊ जोसेफ मात्र मायदेशीच राहिला आणि १९४२ मध्ये लेनिनग्राडच्या वेढ्यात गेला.

बंगला गेला, झार गेला. उरलं काय, तर बापाच्या घरात शिकलेलं. १९२९ मध्ये तिनं पॅरिसला नृत्यशाळा काढली आणि त्यावर संसार चालवला. मार्गो फोन्टेनसारखी नर्तकी तिच्याकडे शिकून गेली. १९३६ मध्ये, वयाच्या ६३ व्या वर्षी, ती लंडनच्या रंगमंचावर पुन्हा नाचली. वारली १९७१ मध्ये, शंभरीला काही महिने कमी असताना.

त्या बंगल्यात आज राजकीय इतिहासाचं संग्रहालय आहे. लोक लेनिनची गच्ची बघायला जातात. मीही आधी तीच बघायला निघालो होतो म्हणा... असो.