'उत्तरेचा नरक': नाव नेमकं कशामुळे पडलं?

सिनॉप्सिसमध्ये 'पूर्वापार' किंवा 'पहिल्यापासून' असं कुठे लिहिलं असेल तर तेवढ्या ओळीखाली पेन्सिलीनं खूण करा. का, ते एका सायकल शर्यतीवरून सांगतो.

पॅरिस–रूबे ही फ्रान्समधली व्यावसायिक सायकलपटूंची एकदिवसीय शर्यत. अंतर साधारण २६० किलोमीटर, त्यातले पन्नासेक किलोमीटर खडबडीत दगडी फरसबंदीवरून. धूळ नाहीतर चिखल, पंक्चर, पडापडी. जिंकणाऱ्याला बक्षीस म्हणून रस्त्यातल्यासारखाच एक दगड देतात. शर्यतीचं टोपणनाव 'उत्तरेचा नरक'. नरक का? कुणालाही विचारा, उत्तर येतं : ते दगड! उत्तर इतकं सरळ आहे की पुढे काही विचारावंसंच वाटत नाही.

आता तारखा मांडून बघा. पहिली शर्यत १८९६ ची. रूबे हे कापडगिरण्यांचं गाव. तिथल्या तेओदोर व्हिएन आणि मोरिस पेरेझ या दोन गिरणीमालकांनी सायकल शर्यतींसाठी नवं मैदान बांधलं होतं. त्याचा गाजावाजा व्हावा म्हणून त्यांनी 'ल व्हेलो' या पॅरिसच्या क्रीडा दैनिकाला गळ घातली. रस्ता बघायला व्हिक्टर ब्रेयेर हा पत्रकार गेला, आमियांपर्यंत मोटारीनं आणि पुढे सायकलीवर. रूबेला पोचेपर्यंत त्या दगडांनी तो इतका वैतागला, की ही शर्यत नकोच अशी तार करणार होता. पोटभर जेवण झाल्यावर म्हणे विचार बदलला. (असे किस्से फार गोड असतात, म्हणून जपून वापरायचे.) मुद्दा एवढाच की रस्ता वाईट आहे हे शर्यत सुरू होण्याआधीच माहीत होतं. दगडांमुळेच नाव पडायचं असतं तर तेव्हाच पडलं असतं ना?

नाव पडलं १९१९ मध्ये. मधल्या चार वर्षांत शर्यत झालीच नव्हती, कारण पहिल्या महायुद्धाची आघाडी याच भागातून जात होती. भारतीय सैनिक जिथे लढले ते नव्ह-शापेल इथून फार लांब नाही. तिथल्या स्मारकावर ४,७०० हून जास्त भारतीय नावं आहेत. १९१३ चा विजेता फ्रान्स्वा फाबेर मे १९१५ मध्ये अरासजवळच्या लढाईत मारला गेला. १९०९ ते १९११ अशी सलग तीन वर्षं जिंकलेला ओक्ताव्ह लापीझ १९१७ मध्ये लढाऊ विमान चालवताना गेला.

युद्ध संपल्यावर रस्ता तरी उरलाय का, हे बघायला संयोजक आणि पत्रकार पॅरिसहून मोटारीनं निघाले. सुरुवातीला सगळं नेहमीसारखंच होतं. उत्तरेकडे गेल्यावर मात्र झाडं नाहीत, घरं नाहीत, नुसते तोफगोळ्यांचे खड्डे, चिखल आणि क्रूस. पत्रकारांनी नरक म्हटलं ते याला. शर्यत किती कठीण आहे हे सांगण्यासाठी तो शब्द आलाच नव्हता.

आकडेही बोलतात. १८९६ मध्ये योसेफ फिशरनं साधारण २८० किलोमीटर ९ तास १७ मिनिटांत कापले. १९१९ मध्ये आँरी पेलिसियेला जवळपास तेवढ्याच अंतराला सव्वाबारा तास लागले. पण 'रस्ता उद्ध्वस्त होता म्हणून' असं लगेच लिहू नका! हवा, टायर, चार वर्षांत मोडलेला सराव, सगळंच त्यात मिसळलेलं असू शकतं. एका आकड्यावर एवढा भार टाकायचा नसतो.

मग हा शब्द दगडांना कधी चिकटला? १९१९ मध्ये असे दगडी रस्ते त्या भागात सर्रास होते, त्यात मिरवण्यासारखं काही नव्हतं. दुसऱ्या महायुद्धानंतर डांबरीकरण सुरू झालं. टीव्हीवर आपलं गाव मागासलेलं दिसू नये म्हणून महापौरांनी घाईनं रस्ते डांबरी केले, असंही सांगतात. दगड संपत आल्यावर संयोजकांना ते शोधत फिरायची वेळ आली. झाँ स्ताब्लिंस्की या माजी खाणकामगार सायकलपटूनं आरेनबेर्गच्या जंगलातला रस्ता सुचवला. त्याच्याखालच्या कोळसा खाणीत त्यानं स्वतः काम केलं होतं. आज शर्यतीचं काळीज समजला जाणारा हा रस्ता शर्यतीत पहिल्यांदा आला तो थेट १९६८ मध्ये.

इथे हॉब्सबॉमची 'रचलेली परंपरा' ही कल्पना चिकटवायचा मोह होतो. मलाही झाला होता. पण ती पूर्ण बसत नाही, कारण दगड खरेच जुने आहेत आणि हालही जुनेच. बदललं ते नावाचं स्पष्टीकरण, आणि त्या बदलात रणभूमी बाजूला पडली. फाबेर, लापीझ आता विजेत्यांच्या यादीत आहेत, नावाच्या गोष्टीत नाहीत.

हे नेमकं कधी घडलं, यावर एक अख्खं प्रकरण होऊ शकतं. मी केलं तर असं करीन : १९१९ ते १९६८ मधल्या प्रत्येक शर्यतीच्या आठवड्यातली फ्रेंच वर्तमानपत्रं काढायची आणि 'नरक' शब्द आला की त्याच वाक्यात शेजारी काय आहे, खंदक की दगड, एवढंच वहीत टिपत जायचं.