शाईला बलुतं नव्हतं

बारा बलुतेदारांची यादी प्रांताप्रांतात बदलते. कुठे मुलाणा त्यात बसतो, कुठे जोशी, कुठे खुद्द कुलकर्णी. शाई करणारा म्हणून वेगळा बलुतेदार मात्र माझ्या वाचनात आलेल्या एकाही यादीत नाही. आणि तरी शतकानुशतकं दप्तरं भरत राहिली, लग्नपत्रिका लिहिल्या गेल्या, ताईत बांधले गेले, परटाकडचे कपडे ज्याचे त्याच्या घरी परत गेले. मग ही शाई करत कोण होतं?

बदनापुरात मी लोकांना मोडी कागद वाचून देतो. २०२३ साली आपल्याच जालना जिल्ह्यातल्या अंतरवाली सराटीत मराठा आरक्षणाचं आंदोलन पेटलं, न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती निजामकाळातल्या कुणबी नोंदी शोधू लागली, आणि लोकांनी ट्रंकांच्या तळाशी पडलेले कागद बाहेर काढले. निजामाच्या राज्यात १८८४ पासून सरकारी भाषा उर्दू; गावपातळीवर मात्र मोडी चालूच होती. लोक मला अक्षर विचारतात, माझी नजर आधी शाईवर जाते. कागद उजेडात तिरका धरला की कळतं: काळीभोर, किंचित चकाकणारी, कागदाच्या वरच बसलेली रेघ काजळीच्या शाईची. तपकिरी पडलेली, कडेला पिवळसर डाग सोडणारी, कुठे कुठे कागदच खाऊन भोक पाडणारी रेघ हिराकसाची.

काजळीची शाई म्हणजे कुलकर्ण्याच्या घरचं काम. तेलाच्या दिव्यावर भांडं पालथं धरायचं. आपल्याकडे करडईचं तेल मुबलक. भांड्याला धरलेली काजळी पिसानं झाडून घ्यायची, बाभळीचा डिंक रात्रभर भिजत घालायचा, फडक्यातून गाळायचा आणि दोन्ही खलात घालून घोटत बसायचं. खरी मेहनत या घोटण्यातच. घोटाई कमी पडली तर काजळी तळाशी बसते आणि वर नुसतं काळं पाणी उरतं. डिंक जास्त झाला तर वाळलेलं अक्षर खपली धरून उडतं. कमी झाला तर बोट फिरवताच पुसतं. मी हे घरी करून पाहिलंय. हाताचा काळा रंग आठवडाभर जात नाही. दौतीत चिंधीचा बोळा ठेवायचे, म्हणजे बोरू हवी तेवढीच शाई उचलतो. घोटणारे हात बहुतेक घरातल्या बायकापोरांचे असणार. दप्तरावर नाव मात्र लिहिणाऱ्याचं.

या कामाचं मोल ओळखणारा माणूस आपल्याच जिल्ह्यातला. समर्थ रामदासांचा जन्म १६०८ सालचा, घनसावंगी तालुक्यातल्या जांबचा. दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकातला पहिला समास सबंध लेखनक्रियेवर आहे. बोरू कसे निवडावेत, त्यांची टोकं कशी तोडावीत, हिंगूळ कसा जवळ असावा, शाईचा साठा कसा करावा, हे ते एखाद्या कारागिराच्या काटेकोरपणानं सांगतात. मोक्षाची वाट दाखवणाऱ्या ग्रंथात दौतीला एवढी जागा मिळाली, कारण त्या काळी ग्रंथ टिकायचा तो नकलेवर आणि नक्कल टिकायची ती शाईवर.

दुसरी शाई हिरडा किंवा माजूफळ उकळून त्यात हिराकस घालून होते. हिरड्यातला तुरट अंश आणि हिराकसातलं लोह एकत्र आले की पाणी काळं पडतं. ही शाई कागदाच्या आत शिरते, म्हणून पाण्यानं सहज जात नाही. पण ती आम्लधर्मी, सावकाश कागद पोखरते. काजळीचं उलट: कार्बन उन्हानं विटत नाही, कागदाला इजा करत नाही, पण डिंक पाण्यात सुटतो. कागद भिजला की अक्षर गेलं.

जादूची म्हणावी अशी शाई जोशाकडे आणि मुलाण्याकडे. जोशी भूर्जपत्रावर डाळिंबाच्या काडीनं अष्टगंधात यंत्र लिहायचा. मुलाणा किंवा दर्ग्याचा मुजावर केशर गुलाबपाण्यात उगाळून कागदावर आयत लिहून द्यायचा; तो कागद पाण्यात धुऊन आजाऱ्याला पाजायचे. हिंदू बाया मुलाण्याकडे जात आणि मुसलमान जोशाला मुहूर्त विचारत, यात कोणाला वावगं वाटत नसे. त्या पाण्यानं ताप उतरतो यावर माझा विश्वास नाही. पण शाईच्या इतिहासात मला त्याचं अप्रूप वाटतं: कुलकर्ण्याची शाई टिकावी म्हणून केलेली, मुलाण्याची मुद्दाम विरघळावी म्हणून.

चौथी शाई परटाची, आणि ती झाडावरच तयार होते. बिब्ब्याच्या फळाला सुई टोचली की तेलकट रस येतो. त्यानं कपड्याच्या कोपऱ्यावर ठिपके, फुल्या, रेघा काढायच्या आणि वर चुन्याचं बोट फिरवायचं. रस काळा पडतो आणि भट्टीतसुद्धा जात नाही. प्रत्येक घराची खूण वेगळी, आणि ती सगळ्या खुणांची वही परटाच्या डोक्यात. अंगाला रस लागला तर बिब्बा उततो, फोड येतात. म्हणून हे काम जपून करावं लागे. तोच बिब्बा आजही शनिवारी लिंबू-मिरचीबरोबर दुकानाच्या दारात टांगलेला दिसतो.

न जाणाऱ्या खुणेची गरज पुढे सरकारलाही पडली. १९६२ च्या सार्वत्रिक निवडणुकीपासून मतदाराच्या बोटाला लागणारी शाई म्हैसूरचा सरकारी रंग-कारखाना करतो. १९३७ साली म्हैसूरच्या महाराजांनी तो काढला. त्या शाईत सिल्व्हर नायट्रेट असतं. उजेड लागला की ते कातडीवर काळं पडतं. परटानं कपडा ओळखायला केलं, तेच निवडणूक आयोगानं मत देऊन झालेला माणूस ओळखायला केलं.

घरची शाई संपवली ती पुडीनं. १९३१ साली मुंबईत दांडेकर बंधूंनी 'हॉर्स ब्रँड' नावानं शाईच्या पुड्या आणि वड्या विकायला काढल्या; पुढे त्याचंच कॅम्लिन झालं. पुडी पाण्यात टाकली की शाई तयार, खल नको आणि काजळी नको. मग बॉलपेन आलं आणि दौतही गेली. शाई करण्याला बलुतं नव्हतं, म्हणून ती विद्या गेल्याची कोणी तक्रारसुद्धा केली नाही. आज ज्यांची जात, जमीन आणि हक्क एका जुन्या ओळीवर टेकलेत, त्यांच्या बाजूनं उभी आहे ती कुणा बिननावाच्या माणसानं घोटलेली काजळी.

म्हणून घरात जुना कागद असेल तर एवढं ऐका. तो लॅमिनेट करू नका. उष्णतेनं आणि प्लॅस्टिकनं कागद कायमचा अडकतो. चिकटपट्टी लावू नका. पुसट वाटलं म्हणून अक्षरावर पाणी, तेल किंवा बॉलपेन फिरवू नका. कोऱ्या सुती फडक्यात, ओलीपासून दूर ठेवा आणि आधी फोटो काढून घ्या. वाचून देणारा मिळेल. पुसलेलं अक्षर कोणालाच वाचता येत नाही.