रायन, बडी

रायन, बडी : (१७ फेब्रुवारी १९३१ – २८ जून २०१६). अमेरिकन फुटबॉलमधील प्रख्यात बचाव-प्रशिक्षक व ‘४६’ ह्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या आक्रमक बचावपद्धतीचा प्रवर्तक. संपूर्ण नाव जेम्स डेव्हिड रायन. जन्म ओक्लाहोमा राज्यातील फ्रेडरिक ह्या गावी. कोरियन युद्धात त्याने सैन्यात सार्जंट म्हणून काम केले. त्यानंतर ओक्लाहोमा ए. अँड एम. महाविद्यालयाच्या (विद्यमान ओक्लाहोमा राज्य विद्यापीठ) संघातून तो आघाडीच्या फळीत खेळला. खेळाडू म्हणून त्याची कारकीर्द सामान्यच होती. टेक्सासमधील शाळांतून व पुढे बफलो विद्यापीठात (१९६१–६५) प्रशिक्षणाचा अनुभव घेऊन १९६८ मध्ये तो न्यूयॉर्क जेट्स ह्या व्यावसायिक संघात बचावफळीचा प्रशिक्षक झाला.

रायनचे कार्य समजण्यासाठी ह्या खेळाचे एक वैशिष्ट्य ध्यानात घ्यावे लागते. प्रत्येकी ११ खेळाडूंच्या दोन संघांपैकी ज्याच्याकडे चेंडू असेल, त्याला चार प्रयत्नांत किमान १० यार्ड (सु. ९ मी.) पुढे सरकावे लागते, तसे न झाल्यास चेंडू प्रतिपक्षाकडे जातो. व्यावसायिक लीगने १९५० मध्ये खेळाडू हवे तेव्हा बदलण्याची मुभा कायम केली, तेव्हापासून चढाईचे ११ आणि बचावाचे ११ असे दोन स्वतंत्र ताफे प्रत्येक संघात निर्माण झाले. त्यांचा सराव, त्यांच्या बैठका आणि त्यांची सांकेतिक भाषाही निरनिराळी. साहजिकच बचावाचा प्रशिक्षक हा नावाने मुख्य प्रशिक्षकाचा साहाय्यक असला, तरी प्रत्यक्षात निम्म्या संघाचा अधिपती बनला. ह्या दुहेरी रचनेचे सामर्थ्य व तिच्यातील तेढ ही दोन्ही रायनच्या कारकीर्दीत जितकी स्पष्ट दिसतात, तितकी क्वचितच अन्यत्र दिसतात.

जेट्समध्ये वीब यूबँक हा मुख्य प्रशिक्षक होता आणि जो नेमथ हा क्वार्टरबॅक, म्हणजे चढाईचा सूत्रधार व चेंडूफेक्या. नेमथच्या गुडघ्यांना पूर्वीच दुखापती झालेल्या असल्याने त्याच्या संरक्षणासाठी यूबँक पराकाष्ठेची दक्षता घेई. ज्या एका खेळाडूच्या रक्षणासाठी एवढा खटाटोप करावा लागतो, त्याच्यावरच सारा मारा केंद्रित केला पाहिजे, असा उलटा धडा रायनने त्यातून घेतला. जेट्सने १२ जानेवारी १९६९ रोजी मायामी येथील तिसऱ्या सुपर बोल सामन्यात बॉल्टिमोर कोल्ट्सचा १६–७ असा अनपेक्षित पराभव केला. त्या विजयात बचावाचाही वाटा मोठा होता. पुढे मिनेसोटा व्हायकिंग्जच्या नामांकित आघाडीच्या फळीला त्याने दोन वर्षे (१९७६–७७) शिकविले आणि १९७८ मध्ये शिकागो बेअर्सच्या बचावाची संपूर्ण सूत्रे त्याच्याकडे आली.

हे वर्ष योगायोगाने फार महत्त्वाचे ठरले. लीगने १९७८ मध्येच नियमांत मोठा बदल केला. चेंडू झेलण्यासाठी धावणाऱ्या खेळाडूला पाच यार्डांपलीकडे अडविण्यास बंदी झाली आणि चढाईच्या फळीतील रक्षकांना हात पसरून, उघड्या पंजांनी प्रतिस्पर्ध्यास थोपविण्याची मोकळीक मिळाली. दोन्ही बदल चेंडूफेकीच्या खेळाला अनुकूल होते. अधिक बचावपटू मागे ठेवून झेल घेणाऱ्यांवर पहारा वाढवावा, हा त्यावरचा सावध उपाय. रायनने त्याच्या नेमका विरुद्ध मार्ग धरला. झेल घेणारा मोकळा होण्यास जो वेळ लागतो, तो वेळच क्वार्टरबॅकला मिळू द्यायचा नाही. मग पहाऱ्याचा प्रश्नच फारसा उरत नाही, हे त्याचे सूत्र.

‘४६’ पद्धत ह्या सूत्रातून घडली. तिचे नाव खेळाडूंच्या मांडणीवरून पडलेले नाही, हे मुद्दाम सांगितले पाहिजे. कारण चार व सहा खेळाडूंच्या दोन रांगा असा तिचा अर्थ लावण्याची चूक वारंवार होते. डग प्लँक ह्या निर्भय बचावपटूच्या सदऱ्यावरील तो क्रमांक होय. एरव्ही मागे राहून लांबचे झेल अडविणाऱ्या प्लँकला रायनने पुढे आणले. अशा रीतीने आठ जण चेंडूच्या रेषेलगत उभे राहत. त्यांतील तिघे चढाईच्या मधल्या तीन रक्षकांच्या अगदी समोर ठाकत. त्यामुळे त्या तिघांपैकी कोणालाही शेजाऱ्याच्या मदतीला जाता येत नसे आणि एका बलाढ्य बचावपटूला दोघांनी मिळून थोपविण्याची नेहमीची युक्ती निष्फळ ठरे. उरलेल्यांपैकी कोण धावून येणार व कोण मागे हटणार, हे मात्र प्रत्येक वेळी बदलत असे. पद्धतीची किंमतही मोठी होती : कडेचे दोन पहारेकरी जवळजवळ एकाकी पडत आणि मारा पोहोचण्यापूर्वी चेंडू सुटला, तर मागे मोकळे मैदान असे. जलद विचार करणारे खेळाडू नसतील, तर ही पद्धत आत्मघातकी होती.

असे खेळाडू तयार करण्याची रायनची रीत सैनिकी होती. नवोदितांना तो नावाने नव्हे, तर क्रमांकाने हाक मारी; पुढे त्याच्या बचावाचा मेंदू ठरलेला माइक सिंगलटेरी हाही त्याच्या लेखी प्रथम केवळ ‘५०’ होता. एवढ्या कठोर माणसावर खेळाडूंचा किती जीव होता, हे १९८१ च्या अखेरीस दिसून आले. त्या हंगामातील अपयशामुळे मुख्य प्रशिक्षक नील आर्मस्ट्राँग ह्याची गच्छंती अटळ होती आणि त्याच्यासमवेत त्याच्या साहाय्यकांचीही. तेव्हा ॲलन पेज व गॅरी फेन्सिक ह्यांच्या पुढाकाराने बचावपटूंनी संघाचा ८६ वर्षांचा संस्थापक-मालक जॉर्ज हॅलस ह्याला पत्र लिहून रायनला ठेवून घेण्याची विनंती केली. हॅलसने ती मान्य केली व त्यानंतर मुख्य प्रशिक्षक म्हणून माइक डिट्काला आणले. नवा मुख्य प्रशिक्षक येण्यापूर्वीच साहाय्यकाचे स्थान पक्के झाले, ही व्यवस्था मुळातच विषम होती. रायन स्वतःला डिट्काचा नव्हे, तर हॅलसचा माणूस समजे. पुढील चार वर्षांतील कलहाचे बीज येथेच आहे; केवळ दोन तापट स्वभावांची टक्कर म्हणून त्याची संभावना करणे अपुरे होय.

ह्या कलहातच संघ वैभवास चढला. १९८४ च्या हंगामात बेअर्सच्या बचावाने प्रतिस्पर्धी क्वार्टरबॅकना चेंडू हातात असतानाच ७२ वेळा पाडून उच्चांक केला. १९८५ मध्ये १६ सामन्यांत १५ विजय मिळविताना त्याने केवळ १९८ गुण दिले. बाद फेरीत न्यूयॉर्क जायंट्स (२१–०) व लॉस अँजेल्स रॅम्स (२४–०) ह्या दोघांना एकही गुण मिळू दिला नाही. एकमेव पराभव २ डिसेंबर १९८५ रोजी मायामी डॉल्फिन्सकडून ३८–२४ असा झाला आणि तोच ह्या पद्धतीच्या अभ्यासकाला सर्वांत बोधप्रद वाटतो. डॅन मरीनो हा विलक्षण चपळाईने चेंडू फेके. मायामीने नॅट मूर ह्या झेलपटूला आतल्या बाजूस उभे करून त्याच्यावर तुलनेने मंद बचावपटू येईल, अशी योजना केली. त्या जागी जादा पहारेकरी आणावा, असे डिट्काचे मत होते. रायन आपली मांडणी सोडीना. मध्यंतरात दोघे हातघाईवर येण्याच्या बेतात होते. खेळाच्या दृष्टीने त्या दिवशी डिट्काचे म्हणणे बरोबर होते, असेच म्हणावे लागते.

न्यू ऑर्लीन्स येथे २६ जानेवारी १९८६ रोजी झालेल्या विसाव्या सुपर बोलमध्ये बेअर्सने न्यू इंग्लंड पेट्रियट्सना ४६–१० असे नमविले. चेंडू घेऊन धावण्यात पेट्रियट्सना सबंध सामन्यात अवघे ७ यार्ड मिळाले. रायन लवकरच संघ सोडणार, हे खेळाडू ओळखून होते. आदल्या रात्रीच्या बैठकीत त्याने साश्रू नयनांनी त्यांचा निरोप घेतला होता. सामना संपताच डिट्काप्रमाणेच रायनलाही त्यांनी खांद्यावर उचलून मैदानाबाहेर नेले. साहाय्यकाला असा मान मिळणे ही अपूर्व घटना होती.

त्यानंतर काही दिवसांतच फिलाडेल्फिया ईगल्सने त्याला मुख्य प्रशिक्षक नेमले (१९८६–९०). रेजी व्हाइट, जेरोम ब्राउन, क्लाइड सिमन्स, सेथ जॉयनर इत्यादींचा दुर्धर्ष बचाव त्याने उभा केला. १९८७ च्या खेळाडूंच्या संपात तो उघडपणे आपल्या खेळाडूंच्या बाजूने राहिला व मालकाने जमविलेल्या बदली खेळाडूंविषयी त्याने आस्था दाखविली नाही. ते तिन्ही सामने संघाने गमावले. खेळाडूंची निष्ठा त्याने कमावली, मालकाची मात्र गमावली. डॅलसचा क्वार्टरबॅक व चेंडू लाथाडणारा खेळाडू ह्यांना जायबंदी करण्यासाठी त्याने बक्षिसे लावली, असा जाहीर आरोप १९८९ मध्ये डॅलसचा प्रशिक्षक जिमी जॉन्सन ह्याने केला. रायनने तो झिडकारला. चढाईकडे मात्र त्याचे दुर्लक्षच झाले. रँडल कनिंगहॅमसारखा असामान्य क्वार्टरबॅक हाताशी असूनही १९८८, १९८९ व १९९० ह्या तिन्ही हंगामांत संघ बाद फेरीच्या पहिल्याच सामन्यात हरला आणि जानेवारी १९९१ मध्ये रायनला काढून टाकण्यात आले. पुढच्याच हंगामात बड कार्सन ह्याच्या मार्गदर्शनाखाली ईगल्सचा बचाव दिलेल्या यार्डांच्या हिशेबात, धावेच्या आणि फेकीच्याही विरुद्ध, लीगमध्ये पहिला ठरला; त्यातील बहुतेक खेळाडू रायनने घडविलेले होते.

ह्यूस्टन ऑयलर्सच्या बचावाचा प्रमुख असताना (१९९३) संघाने लागोपाठ ११ सामने जिंकले. तथापि त्याच संघाच्या चढाईचा प्रमुख केव्हिन गिलब्राइड ह्याला त्याने २ जानेवारी १९९४ रोजी दूरचित्रवाणीवरून प्रक्षेपित होणाऱ्या सामन्यात मैदानाच्या कडेला ठोसा लगावला. चेंडूफेकीवर सर्वस्वी विसंबलेली चढाई झटपट थांबते व त्यामुळे बचावाला विश्रांती मिळत नाही, ही त्याची तक्रार साधार होती. तिची अभिव्यक्ती मात्र असमर्थनीय. ॲरिझोना कार्डिनल्समधील दोन वर्षांनंतर (१९९४–९५) त्याची कारकीर्द संपली. मुख्य प्रशिक्षक म्हणून त्याच्या खात्यावर नियमित हंगामातील ५५ विजय, ५५ पराभव व एक बरोबरी अशी नोंद आहे.

तीन-चार झेलपटू मैदानभर पसरविण्याची व चेंडू तत्काळ सोडण्याची प्रथा रूढ झाल्यावर ‘४६’ मांडणी कायमस्वरूपी वापरणे अशक्य झाले. तथापि मधल्या तीन रक्षकांना एकेकटे पाडणे आणि मारा कोठून येईल हे अखेरपर्यंत लपविणे, ही तिची दोन तत्त्वे बचावाच्या शास्त्रात टिकून राहिली. रेक्स व रॉब हे त्याचे जुळे मुलगेही बचाव-प्रशिक्षक झाले. रेक्स पुढे न्यूयॉर्क जेट्स (२००९–१४) व बफलो बिल्स (२०१५–१६) ह्यांचा मुख्य प्रशिक्षक होता. कार्डिनल्सनंतर रायनने पुन्हा कोणत्याही व्यावसायिक संघाचे प्रशिक्षकपद स्वीकारले नाही. केंटकी राज्यातील शेल्बीव्हिल येथे तो मरण पावला.